कॅमेरा फक्त १ नोव्हेंबरलाच का येतो?

संपादक साहेब, सप्रेम नमस्कार.

१ नोव्हेंबर आला की बेळगावात चॅनेलवाले येतात, मराठी माणसांच्या काळ्या दिनाची सायकल फेरी, कर्नाटक राज्योत्सवाची मिरवणूक, पोलीस बंदोबस्त एवढं शूट करतात आणि दुसऱ्या दिवशी निघून जातात. फेरी दाखवायलाच पाहिजे, पण वर्षभराचं आमचं घर कुठंच दिसत नाही.

योनास मेकास हा डॉक्युमेंटरीवाला मला त्यासाठीच फार जवळचा वाटतो. १९२२ ला लिथुआनियातल्या एका खेड्यात जन्मला, १९४४ ला भावाबरोबर गाव सोडलं तर जर्मनांनी पकडून हॅम्बुर्गजवळ लेबर कॅम्पात टाकलं, मग निर्वासितांच्या छावण्या, आणि १९४९ ला न्यूयॉर्क. तिथं उसने पैसे घेऊन बोलेक्स कॅमेरा घेतला आणि रोजचं जगणं शूट करत राहिला. १९७१ ला गावी परत गेला, त्याची फिल्म पुढच्या वर्षी आली. तेव्हा तिथं सोव्हिएत राजवट, पण त्यावर भाषण नाही. म्हातारी आई अंगणात चुलीवर रांधतेय, भावंडं गाणी म्हणतायत, तुटक तुटक शॉट, हलणारा कॅमेरा आणि वर त्याचा स्वतःचा अडखळता आवाज. पुढं तो त्या लेबर कॅम्पच्या गावीपण जातो, तर तिथं कॅम्प होता हे कुणाच्या लक्षातच नाही.

आमचं जरा वेगळं आहे. आम्ही घर सोडलंच नाही. मुंबई राज्यात होतो, १९५६ ला म्हैसूर राज्यात गेलो, १९७३ ला त्याचं कर्नाटक झालं, २०१४ ला गावाचं नाव बेळगावी झालं, २००४ पासून सुप्रीम कोर्टात महाराष्ट्राचा सीमाप्रश्नाचा दावा पडून आहे, आणि एवढं सगळं होऊन उंबरा तिथंच आहे. आपल्याच घरात बसून हे आपलंच घर आहे म्हणून सांगत राहायला लागतं, हे दुःख बातमीत मावत नाही ओ, त्याला मेकाससारखं निवांत बघणारं कुणीतरी पाहिजे.

बघण्यासारखं किती आहे! वडगाव-शहापूरचे माग, यळ्ळूरची भातशेती, कानडीत आलेला शेताचा उतारा नातवाकडून वाचून घेणारे आजोबा, घरात मराठीत रागावणारी आणि दारात भाजीवाल्या अक्काशी कानडीत घासाघीस करणारी आई. त्या अक्काचं घरपण इथंच आहे, तीपण फिल्ममध्ये यायला पाहिजे असं मला मनापासून वाटतं, नाहीतर ती फिल्म अर्धीच होईल.

मुंबई राज्यातली शाळा ज्यांना आठवते ती माणसं आता ऐंशीच्या घरात आहेत किंवा पुढं गेलीत. आमच्या पोरांकडं मोबाईल आहे, एडिटिंग येतंय, रील रोज करतात. त्यांनी आधी आपल्या आजीला बोलतं करावं, मध्ये प्रश्न न घुसडता, आणि आपल्या पेपरनं रविवारच्या पुरवणीत त्यांना आवाहन करावं, वाचनालयांनी महिन्यातून एक संध्याकाळ पडदा लावून द्यावा. खुर्च्या मांडायला आम्ही येतो.

आपला एक वाचक,
शहापूर, बेळगाव