मताधिकार आपसूक आला नाही

महोदय,

कारखानदारी वाढली की लोकशाही तिच्या मागोमाग आपसूक येते, असे सर्रास लिहिले जाते. इंग्लंडचाच दाखला घेतला तरी मामला इतका सरळ नव्हता. 1832 पर्यंत कापड गिरण्यांनी गजबजलेल्या मँचेस्टरला स्वतःचा एकही खासदार नव्हता. उलट ओल्ड सॅरम या ओसाड टेकडीचे दोन खासदार संसदेत बसत! तिथली निवडणूक शेतातल्या झाडाखाली उरकली जाई. 16 ऑगस्ट 1819 रोजी मँचेस्टरच्या सेंट पीटर्स फील्डवर हक्क मागायला जमलेल्या हजारो लोकांवर, त्यात बायका-मुलेही होती, घोडेस्वार घातले गेले.

1832 च्या संसद-सुधारणा कायद्याने मँचेस्टरला दोन जागा मिळाल्या खऱ्या, पण शहरांत मत मिळाले ते मुख्यतः वर्षाला किमान दहा पौंड भाडेमूल्याची जागा असलेल्या पुरुषांना. म्हणजे गिरणीमालक, दुकानदार आत. मागावरचा कामगार बहुतेक बाहेरच. कामगारांच्या मताधिकारासाठी झगडणाऱ्या चार्टिस्ट चळवळीने 1838 मध्ये मागितलेले गुप्त मतदान यायला 1872 उजाडले. तोवर मत चारचौघांत मोठ्याने सांगावे लागे. समोर घरमालक कान टवकारून उभा असेल, तर भाडेकरू कोणाचे नाव घेणार? शहरी कामगारांच्या मोठ्या वर्गाला मताधिकार मिळाला 1867 मध्ये, शेतमजुरांना 1884 मध्ये. स्त्रिया तर 1918 पर्यंत ताटकळल्या, आणि तेव्हाही तिशी ओलांडलेल्या काहींनाच मत मिळाले. गिरण्यांत मात्र त्या पहिल्यापासून राबत होत्या.

– एक निवृत्त इतिहास शिक्षक, सांगली