तुमच्या पीएच किटच्या शेवटच्या पिवळ्या रंगाबद्दल तक्रार

प्रति,
ग्राहक सेवा विभाग

नमस्कार,

मागच्या मेलवर तुमचं उत्तर आलं की पाण्यात किटचे थेंब टाकल्यावर येणारा रंग चार्टशी जुळतोय म्हणजे किट बरोबर आहे. अहो, माझी तक्रार त्या चार्टबद्दलच आहे, म्हणून परत लिहितेय, या वेळी प्लीज शेवटपर्यंत वाचा.

मी क्रिब पाळते, म्हणजे पेल्विकाक्रोमिस पल्चर, दक्षिण नायजेरियाकडचा छोटा सिक्लिड. या माशात पिल्लं नर होणार की मादी यावर सुरुवातीच्या दिवसांतल्या पाण्याच्या पीएचचा परिणाम होतो. पाणी ॲसिडिक असेल तर नर जास्त, न्यूट्रलकडे गेलं की माद्या जास्त. माझी आधीची बॅच ७ च्या वर वाढली आणि जवळपास सगळ्या माद्याच निघाल्या, म्हणून या वेळी ६.५ च्या आसपास ठेवायचं ठरवलं. आरओचं पाणी, सुकी पानं, ड्रिफ्टवुड, आणि मोजायला तुमचं किट, कारण बॉक्सवर मोठ्या अक्षरात लिहिलंय 'ॲसिडिक पाण्यातल्या माशांसाठी खास'.

जोडी छान जमली होती. मादीचं पोट वाइनसारखं लालजांभळं झालं, नरासमोर अंग वाकवून थरथरायची, मग करवंटीच्या आत छताला अंडी चिकटवली. तिसऱ्या दिवशी फुटली, आणि आणखी चारपाच दिवसांनी ती पिल्लांचा घोळका घेऊन बाहेर आली, जिथे ती थांबेल तिथे सगळी पिल्लं खाली बसायची. मी रोज दोनदा ताजा आर्टेमिया (अंड्यांतून काढलेले बारीक कोळंबीसारखे जीव) काढून देत होते. आणि दर रविवारी तुमच्या किटने पीएच बघत होते. सहा आठवडे एकच पिवळा, चार्टवर ६.०. मला वाटलं हवं होतं त्यापेक्षा जरा कमी आहे पण स्थिर आहे, पिल्लं लहान असताना उगाच हलवायला नको.

सहाव्या आठवड्यात मैत्रीण तिचा पीएच मोजायचा डिजिटल पेन घेऊन आली, ४ आणि ७ च्या सोल्युशनमध्ये कॅलिब्रेट केलेला. टँकमध्ये ५.१! म्हणजे ६ पेक्षा जवळजवळ ८ पट ॲसिडिक. स्थिर वगैरे काही नव्हतं, पाणी खाली खाली चाललं होतं आणि तुमचा चार्ट ६.० ला संपतो, त्याच्या खाली कितीही गेलं तरी रंग तोच पिवळा. आरओच्या पाण्यात केएच, म्हणजे पीएच घसरू न देणारे कार्बोनेट क्षार, जवळपास नसतोच, तो तपासत राहणं माझं काम होतं आणि ते मी केलं नाही, मान्य. पण किटने पीएच ६ च्या खाली गेलाय एवढं जरी कळवलं असतं तरी पहिल्याच आठवड्यात लक्षात आलं असतं ना.

आणि हे नुसतं नर-मादीचं नाही. ६ च्या खाली फिल्टरमधले अमोनिया संपवणारे बॅक्टेरिया मंदावतात, अमोनिया साचतो, फक्त ॲसिडिक पाण्यात तो कमी विषारी अमोनियमच्या रूपात असल्यामुळे मासे तग धरतात. अशात कोणी भरपूर नळाचं पाणी घालून पीएच एकदम वर नेला तर त्याचा परत विषारी अमोनिया होतो आणि एका रात्रीत सगळी पिल्लं जाऊ शकतात. मी दोन आठवडे रोज थोडं थोडं बदलून वर आणलं म्हणून वाचली.

आता पिल्लं पाच महिन्यांची झालीत, ४७ पैकी ४१ नर, टोकदार पंखांचे, बऱ्याच जणांच्या गालावर लाल रंग. माद्या फक्त ६. एवढ्या नरांना जोड्या कुठून आणू? एकत्र ठेवले की मारामाऱ्या, आत्ताच दोघांच्या शेपट्या फाटल्यात.

मला किटचे पैसे परत हवेत, पण त्याहून महत्त्वाचं म्हणजे चार्टवर शेवटच्या रंगापुढे '६.० किंवा त्याहून कमी' असं छापा, आणि बॉक्सवरची ती 'खास' ओळ काढा नाहीतर ४ पासून मोजणारं रिएजंट (थेंबांचं द्रावण) द्या. प्रत्येक बॉक्समागे दोनतीन शब्दांचा खर्च आहे हो. आणि उत्तर कृपया पाण्याच्या केमिस्ट्रीची माहिती असलेल्या माणसाकडून पाठवा, छापील नको.

सोबत फोटो जोडलाय. डावीकडच्या ट्यूबमध्ये माझ्या टँकचं पाणी, उजवीकडे पेन कॅलिब्रेट करायचं ४.० चं सोल्युशन, दोन्हीत तुमच्याच किटचे तेवढेच थेंब. कुठली कुठली ते मला ट्यूबवर पेनाने लिहून ठेवावं लागलं.

आपली ग्राहक