काळाच्या विद्यापीठाबद्दल, बाबांकडून

फोंडा, गोवा

चि. रेवा हिस अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर बोलताना दुकानात गिऱ्हाईक आलं आणि तुझा प्रश्न अर्धवट राहिला. भौतिकशास्त्र घ्यावं की भूशास्त्र, हे विचारता विचारता तू म्हणालीस, "बाबा, नुसता काळच शिकवणारं एखादं विद्यापीठ असतं तर किती बरं झालं असतं." चार दिवस झाले, ते विद्यापीठ माझ्या डोक्यातून जात नाही. म्हणून आज दुकान लवकर बंद करून लिहायला बसलो.

त्याला आधी मोकळं अंगण हवं. तू सहावीत असताना आपण तुळशीजवळ काठी रोवली होती, आठवतं? बरोबर बारा वाजता सावली सर्वांत आखूड होईल म्हणून तू उन्हात उभी राहिलीस. बारा वाजून गेले तरी सावली आक्रसतच होती. तू चिडलीस आणि माझं घड्याळ पुढे आहे म्हणालीस. घड्याळ बरोबर होतं. भारताची प्रमाणवेळ ८२.५ अंश रेखांशावरची, आपण ७४ अंशांच्या आसपास. सूर्याला एक अंश सरकायला चार मिनिटं लागतात, म्हणून आपली खरी दुपार सरासरीने चौतीस मिनिटं उशिरा होते. मेच्या सुरुवातीला साडेबाराच्या सुमारास तर काठीची सावली काठीच्याच पायाशी नाहीशी होते. त्या विद्यापीठाचा पहिला धडा हाच असावा, आणि तो उन्हात उभं राहूनच शिकवावा.

मी तीस वर्षं भिंग डोळ्याला लावून घड्याळं दुरुस्त करतोय. एवढ्या वर्षांत मला एक गोष्ट नीट कळली आहे. घड्याळ काळ दाखवत नाही, ते मोजणी करतं. चावीच्या 'जनता' घड्याळातलं बॅलन्स व्हील सेकंदाला पाच ठोके देतं. सेलवरच्या घड्याळातला क्वार्ट्‌झ सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो. आणि १९६७ सालापासून खुद्द सेकंदाचीच व्याख्या सीझियम अणूच्या ९,१९,२६,३१,७७० आंदोलनांवर ठरली आहे. दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत तसल्याच घड्याळांवर देशाची वेळ राखतात.

घड्याळ कशाशी जुळवलं आहे, हे विचारायची सवय मला तुझ्या जन्माच्या दिवशी लागली. दवाखान्याच्या भिंतीवरचं घड्याळ बारा मिनिटं मागे होतं. माझं मी त्याच पहाटे आकाशवाणीच्या वेळेशी जुळवलेलं. मी सांगून पाहिलं, पण कागदावर भिंतीवरचीच वेळ चढली. तो कागद हातात आला की अजून मला टोचतं. तुझं जगातलं पहिलं मिनिट कुणी तरी नीट लिहायला हवं होतं.

आता आजोबांच्या घटिकापात्राबद्दल. लग्नामुंजीला त्यांना मुद्दाम बोलावणं यायचं. घंगाळात पाणी, त्यावर तांब्याची वाटी, वाटीच्या बुडाला सुईने पाडावं तसं भोक. पाणी आत चढताना आधी तळाशी नुसता ओला ठिपका दिसतो. मग त्याचं कडं रुंदावत जातं, वाटी जड होते, काठ पाण्याच्या पातळीला येतो आणि एकदम 'गुडुप'. चोवीस मिनिटं झाली, घटका भरली. आजोबा हात घालून वाटी काढायचे, पालथी करून झटकायचे आणि रिकामी पुन्हा पाण्यावर सोडायचे. ती सोडायला क्षणाचाही उशीर झाला तर पुढची सगळी मोजणी चुकते, म्हणून मांडवात कितीही गडबड असली तरी त्यांची नजर पाण्यावरून हलायची नाही. पूर्वी घटका भरली की धातूची थाळी वाजवायचे. त्या थाळीचं नाव तास. आपण मिनिटं मोजून म्हणतो तो तास मुळात एक आवाज होता, हे मला फार आवडतं.

हे एवढं लांबण लावलं कारण तुझ्या प्रश्नाचं उत्तर त्या वाटीत आहे असं मला वाटतं. तांबडी सुर्लचं देऊळ ज्या काळ्या दगडाचं, तो बेसाल्ट. दख्खनचा हा लाव्हा सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी वाहिला. हे कसं कळलं, म्हणून मी वाचत बसलो. दगडात थोडं किरणोत्सारी पोटॅशियम असतं. ते १२५ कोटी वर्षांत निम्मं होतं आणि त्यातल्या काही भागाचा आरगॉन वायू बनतो. लाव्हा वितळलेला असतो तोवर हा वायू निसटून जातो. दगड गोठला की तो आतच साठू लागतो. रेवा, ही आजोबांचीच वाटी आहे गं! रिकामी करून पाण्यावर सोडलेली, आणि भरत आलेली. वास्कोच्या सड्यावर ध्रुवीय संशोधन केंद्रात अंटार्क्टिकातल्या बर्फाचे दंडगोल ठेवले आहेत, त्यातही वर्षावर वर्ष बसलेलं आहे. तुझ्या विद्यापीठाचे वर्ग असे आपल्या गोव्यातच विखुरलेले आहेत.

इतिहासाचाही एक वर्ग तिथे हवाच. १५८२ साली कॅलेंडरची चूक सुधारताना पोर्तुगालमध्ये ४ ऑक्टोबरनंतर एकदम १५ ऑक्टोबर उजाडला. त्या महिन्याचं व्याज आणि मजुरी कशी धरली असेल, हे मला कुणाकडून तरी शिकायचं आहे.

मला विचारशील तर तू भूशास्त्र घे. दगडाचं वय काढायला बसलीस की भौतिकशास्त्र शिकावंच लागेल, ते सुटणार नाही. पण दगडापाशी चालत जावं लागतं, आणि तुझे पाय आत्ताच त्या कामाचे आहेत. तरी निर्णय तुझा. तू काहीही घेतलंस तरी फीचे पैसे मी बाजूला ठेवले आहेत, त्याची चिंता नको.

रविवारी रात्रीच्या बसने शेजारचे काका पुण्याला येत आहेत. त्यांच्याकडे सोलं, नाचणीचं पीठ आणि आजोबांची ती वाटी देतो आहे. काल बादलीत सोडून पाहिली तर बुडायला सव्वीस मिनिटं लागली. भोकात क्षार बसला असणार. आजोबा चिंचेने घासायचे. मी मुद्दाम हात लावलेला नाही. तू घास, घड्याळ लावून बस आणि किती मिनिटं भरतात ते मला कळव.

तुझे,
बाबा