गोल्फच्या इतिहासात हेलन होम यांना जागा हवी

मा. संपादक,
स. न.

आपल्या क्रीडा पानावर स्कॉटलंडमधल्या जुन्या गोल्फ मैदानांवरचा लेख वाचला. सेंट अँड्र्यूज, मुइरफील्ड, ट्रून या मैदानांची माहिती लेखकाने मन लावून दिली आहे. मात्र पानभर लेखात एकाही महिला खेळाडूचं नाव नाही, हे खटकलं. ट्रूनवर तर स्वतंत्र परिच्छेद होता, आणि दोन महायुद्धांच्या मधल्या काळात स्कॉटलंडला मोठं यश मिळवून देणाऱ्या हेलन होम याच ट्रूनकडून खेळत. त्यांच्याविषयी चार ओळी तरी यायला हव्या होत्या.

हेलन ग्रे १९०७ मध्ये ग्लासगोत जन्मल्या. वडील प्राध्यापक होते. लग्नानंतर त्या होम झाल्या. १९३० मध्ये त्या पहिल्यांदा स्कॉटिश महिला विजेत्या ठरल्या, १९३२ मध्ये पुन्हा. १९३४ मध्ये वेल्समधल्या रॉयल पोर्थकॉल मैदानावर ब्रिटिश महिला अजिंक्यपदाचा अंतिम सामना झाला. समोर पॅम बार्टन होती, अवघ्या सतरा वर्षांची आणि विलक्षण गुणी. अंतिम सामना ३६ होलचा असे आणि जास्त होल जिंकणारी खेळाडू विजयी ठरे, पण होम यांनी तो ३१ व्या होललाच संपवला. सहा होलची आघाडी आणि पाचच होल शिल्लक. हीच पॅम बार्टन दोन वर्षांनी ब्रिटिश आणि अमेरिकन अशी दोन्ही विजेतेपदं एकाच वर्षी जिंकली. पुढे युद्धात ती हवाई दलाच्या महिला शाखेत अधिकारी होती आणि १९४३ मध्ये विमान अपघातात गेली. होम यांनी कुणाला हरवलं होतं, हे यावरून कळावं.

१९३६ मध्ये स्कॉटलंडमधल्या ग्लेनईगल्सला झालेला कर्टिस चषक मला सर्वात महत्त्वाचा वाटतो. ब्रिटन आणि अमेरिका यांच्यातली हौशी महिलांची ही सांघिक स्पर्धा १९३२ मध्ये सुरू झाली आणि पहिले दोन्ही सामने अमेरिकेने जिंकले. ग्लेनईगल्सला होम यांनी एकेरीत पॅटी बर्गला हरवलं. बर्ग तेव्हा अठरा वर्षांची होती. पुढे व्यावसायिक महिला गोल्फची अमेरिकेत पायाभरणी करणाऱ्यांत ती होती आणि तिने तब्बल १५ प्रमुख स्पर्धा जिंकल्या. त्याच दिवशी पर्थच्या जेसी अँडरसनने शेवटच्या ग्रीनवर, म्हणजे होलभोवतीच्या आखूड गवतावर, लांबून हलक्या फटक्याने चेंडू होलमध्ये घातला आणि सामना साडेचार-साडेचार असा बरोबरीत सुटला. त्या वेळच्या अमेरिकन संघाशी बरोबरी म्हणजे विजयापेक्षा फार कमी नव्हे, आणि त्यात दोन स्कॉटिश मुलींचा मोठा वाटा होता.

या दोघींची स्पर्धाही पाहण्याजोगी होती. १९३७ मध्ये ब्रिटिश अजिंक्यपद जेसीकडे आणि स्कॉटिश अजिंक्यपद होम यांच्याकडे, तर १९३८ मध्ये नेमकं उलट. त्या वर्षी इंग्लंडमधल्या बर्नहॅमला एल्सी कॉर्लेटला हरवून होम दुसऱ्यांदा ब्रिटिश विजेत्या झाल्या. मग युद्ध आलं आणि स्पर्धाच थांबल्या. खेळाडूची ऐन उमेदीची वर्षं अशी गेली, तरी १९४८ आणि १९५० मध्ये होम पुन्हा स्कॉटिश विजेत्या ठरल्या. पाचवं स्कॉटिश विजेतेपद मिळालं तेव्हा वयाची त्रेचाळिशी आली होती. १९४८ च्या कर्टिस चषकातही त्या होत्या.

हे सगळं एका पैशाचंही बक्षीस न घेता. हौशी खेळाडूला ते घेताच येत नसे, आणि ब्रिटनमध्ये महिलांसाठी व्यावसायिक स्पर्धांची मालिका सुरू व्हायला १९७९ उजाडलं. म्हणजे घरची परिस्थिती बरी असेल तरच खेळत राहणं शक्य होतं. किती गुणी मुली त्यामुळे मागे राहिल्या असतील, हाही एक वेगळ्या लेखाचा विषय आहे.

ट्रूनबद्दल मात्र थोडं सांगितलंच पाहिजे. होम १९७१ मध्ये गेल्या. १९७३ पासून त्यांच्या नावाने स्कॉटिश महिला खुली स्पर्धा ट्रूनला भरू लागली आणि अनेक वर्षं तिची अखेरची फेरी रॉयल ट्रूनच्या जुन्या मैदानावर होत असे. पण रॉयल ट्रून क्लबने महिलांना सभासद करून घेण्याचा निर्णय घेतला तो जुलै २०१६ मध्ये! तोवर तिथे महिलांचा क्लब वेगळाच होता. मैदानावर जिच्या नावाचा चषक खेळवायचा, तिच्यासारख्या बाईला सभासदत्वाचं दार त्रेचाळीस वर्षं बंद ठेवायचं, हे मला अत्यंत अन्यायाचं वाटतं. सेंट अँड्र्यूजच्या आर अँड ए (रॉयल अँड एन्शंट) क्लबने २०१४ मध्ये आणि मुइरफील्डने २०१७ मध्ये हा निर्णय घेतला. आपल्या लेखात या तिन्ही मैदानांचं कौतुक आहे. त्यात ही बाजूही आली असती तर चित्र पूर्ण झालं असतं.

आणखी एक. त्या काळच्या निकालांत त्यांचा उल्लेख 'मिसेस ए. एम. होम' असा येतो, म्हणजे नवऱ्याच्या आद्याक्षरांनी. जुनी कात्रणं पाहून लिहिणाऱ्याच्या नजरेतून अशी नावं सहज निसटतात. लेखाचा पुढचा भाग येणार असल्यास त्यात हेलन होम आणि जेसी अँडरसन यांच्यावर सविस्तर लिहावं, आणि दोघींचा उल्लेख त्यांच्या स्वतःच्या नावाने करावा, ही विनंती.

आपली,
एक नियमित वाचक, नाशिक