आई-बाबा, राजीनामा देऊन झालाय

प्रिय आई, बाबा,

फोनवर विषय काढला की आई रडते आणि बाबा गप्प होतात, म्हणून लिहून पाठवतेय. पुण्यातली नोकरी सोडली, नोटीस पिरियडही संपला, आणि चॅनेलच्या कॉमेडी शोवर सही केलीये. आधी विचारलं असतं तर तुम्ही नाही म्हणाला असता आणि मी ऐकलं असतं.

बाबा, २००५ला स्टार वनवर लाफ्टर चॅलेंज लागायचं तेव्हा मला अभ्यासातून उठवून टीव्हीसमोर कोण बसवायचं? आपल्या हिंगणघाटचा सुनील पाल जिंकला तर तुम्ही जिनिंगमध्ये पेढे वाटले, जसा काही सख्खा पुतण्या. मला जोक कळायचे नाहीत, तुमच्या पोटावर डोकं असायचं, ते हललं की मी हसायचे. आणि जॉनी लिव्हर पण हिंदुस्तान लिव्हरच्या कारखान्यातच होता ना, नावच तिथून पडलं. माझी तर लॅपटॉपची नोकरी, पुन्हा मिळेल.

ओपन माइकला (कोणीही स्टेजवर जाऊन जोक करून बघतं ना, ते) माणूस एकटा उभा असतो, पडला तर एकटाच पडतो. इथे तसं नाहीये, स्किट सगळे मिळून वाचतात, चॅनेलवाले त्यातलं निम्मं कापतात (चांगलं तेच कापतात), मग रिहर्सल, मग एकाच दिवसात दोन-दोन एपिसोड. पैसे नव्वद दिवसांनी येतात, पण भाड्याचे बाजूला काढून ठेवलेत, तुमच्या एफडीला हात लावायचा नाही.

आई, गोरेगावला अमरावतीच्या मुलीसोबत राहते, डबा लावलाय, उशीर झाला की प्रॉडक्शनची गाडी घरापर्यंत सोडते. सेटवर सकाळी पोहे असतात, तर्री नसते, तेवढंच दुःख. लग्नाचं दिवाळीला बोलू.

एक सांगायचंय बाबा. पहिल्या स्किटमधला बाप रिमोटला प्लास्टिकची पिशवी घालून वर दोन रबर लावतो आणि कोणी रबर काढलं की घर डोक्यावर घेतो. तो थोडासा तुम्ही आहात. थोडासाच. लोक हसतील ते रबराला, तुम्हाला नाही. नको वाटलं तर आत्ताच सांगा, बदलते, रागावून बसू नका.

आणि बीपीची गोळी सकाळीच घ्यायची, आठवेल तेव्हा नाही. आई, त्यांच्या ताटात लोणचं वाढू नकोस. मोतीबिंदूची तारीख माझ्या एपिसोडसाठी पुढे ढकललीत तर मी शूट सोडून हिंगणघाटला येईन, सांगून ठेवते. एपिसोड नंतर मोबाइलवरही दिसतो, ताई लावून देईल.

तुमची,
छोटी