गणपतीला येत नाहीये

ती. आई-बाबा,
सा. न.

तिकीट रद्द केलं. आधी विचारलं नाही, कारण आई नुसतं "बरं" म्हणाली असती तरी मी आले असते. ऑक्टोबरात 'जिझेल' या बॅलेचा प्रयोग आहे. दहा दिवस सराव सुटला तर पायाची सवय मोडते आणि मग दुखापतीची भीती असते. म्हणजे न येणंच पायाला बरं, असं समजा.

आई, पायाची काळजी करू नकोस. पहिल्या अंकात डाव्या अंगठ्याच्या टोकावर, तिरक्या रेषेत छोट्या उड्या घेत यायचं असतं. उजवा पाय गुडघ्याखालून फिरत राहतो. डावा गुडघा किंचित वाकलेला हवा आणि उडी जेमतेम. उंच गेलं की सगळा मार अंगठ्यावर. बसवणाऱ्या बाई मागून चालत फक्त खुबे बघतात. उजवा वर चढला की रेषा सुटलीच. बूट अर्धवट मुरलेला लागतो: कोरा खटखट वाजतो, आणि जुन्याचं कापड-कागद-खळीचं टोक घामानं मऊ पडून पाय आत रुततो. रिबिनी दातांच्या फ्लॉसनं शिवते, साधा दोरा तुटतो.

हा बॅले मूळ पॅरिसचा, १८४१ सालचा. पुढं नृत्यदिग्दर्शक पेटिपानं रशियात त्यात बरंच बदललं. यातली आई मुलीला हातवाऱ्यांनीच बजावते: डोक्यावर हात फिरवले की नाच, मनगटं खाली आडवी की मरण. ओळखीचं वाटतंय ना?

मुलीला वेड लागतं त्या प्रसंगात तिचा अंबाडा सुटतो, तोही ही आईच सोडते. गर्दीत, मुलीची पाठ प्रेक्षकांकडे असताना, दोन आकडे ओढायचे. एक जरी जास्त खोचलेला असला तर अर्धा अंबाडा लोंबतो आणि लोक हसतात. म्हणून हे संगीतावर मोजून पुन्हापुन्हा करतात. तू शाळेच्या घाईत वेण्या घालायचीस तशा घट्ट घातल्या तर पडदा पडेपर्यंत काही सुटायचं नाही! अजून कुणी केसांना हात लावला की मी मान तशीच ताठ धरते.

रोज वरण-भात होतो, हीटर चालतो, झोप पुरते.

बाबा, माळ्यावरचं मखर स्वतः काढायचं नाही. स्टुलावर चढायचंच नाही. बीपीची गोळी प्रसादाच्या आधी. आई, मोदक २१च. उरलेले विकत आणा, बाप्पा रागावत नाही.

आरतीला व्हिडिओ कॉल लावा, पण फोन समईसमोर टेकवू नका. नुसता उजेड दिसतो, तुम्ही दोघं दिसत नाही.

तुमची,
छकुली