खरीप 2025 चं बियाणं 1956 साली उतरवल्याबद्दल तक्रार

व्यवस्थापक, फिरता बाजार, यांस,

काल तुमच्या माणसाने माझं बोलणं अर्धवट तोडून फोन ठेवला, म्हणून हे लेखी.

वैशाख अमावास्येच्या ओहोटीला धरमतरच्या खाडीत तुमचा, एका काळातला माल दुसऱ्या काळात पोचवणारा बाजार लागला, तेव्हा भुऱ्या रत्याच्या भातबियाण्याचे पूर्ण पैसे मी तुमच्या गल्ल्यावर मोजून दिले. पावतीवर तुमच्याच शिक्क्याखाली लिहिलंय: पोहोच मृगाआधी, खरीप 2025. नाव माझं, घर माझं. मृग लागला, बी आलं नाही. चौकशी केल्यावर कळलं की ते माझ्याच घरी पोहोचलंय, पण 1956 साली, आणि मिळाल्याचा अंगठा माझ्या आजोबांचा आहे.

गेल्या पावसात उधाणाने आमच्या बांधाला खांड पडली, बांधातलं पाण्याचं दार, आमची उघाडी, मोडली आणि खारं पाणी शेतात बसून राहिलं. अशा जमिनीत साधा भात तग धरत नाही. भुरा रता, काळा रता ही खारेपाटातली, म्हणजे आमच्या खाऱ्या जमिनीच्या पट्ट्यातली, जुनी वाणं धरतात, म्हणून तुमच्याकडे आले. पनवेलच्या खारभूमी केंद्राचं सुधारित बियाणंही मिळतं. शेजाऱ्यांनी तेच पेरलं, त्यांची शेतं आज हिरवी आहेत. माझं शेत पडीक आहे, कारण तुम्ही तारीख दिली होती.

आता कालचं बोलणं. तुमचा माणूस म्हणाला, "माल वेळेत पोचलाय मॅडम, वेळेत तुम्ही नव्हता." मी म्हटलं, पावतीवरचं साल वाचा. त्याने वाचलं. मोठ्याने वाचलं, दोन हजार पंचवीस. आणि लगेच म्हणाला, "पण घर तेच आहे ना? तुमच्या आजोबांनी पेरलं, तुमच्याच घराण्याने खाल्लं. कुटुंबातच गेला की माल! मग नुकसान कुणाचं झालं?" मी गप्प झाले. त्याला वाटलं मला पटलं. तो पुढे म्हणाला, "उलट आजोबांचं भलं झालं, तुम्ही खूश व्हायला पाहिजे."

कुटुंबात गेला? 1956 साली आजोबा कूळ होते. शेत त्यांच्या नावावर नव्हतं. खंडाचा, म्हणजे जमिनीच्या भाड्याचा, भात खळ्यावरूनच मालकाच्या घरी जात होता. कुळाला कसत्या जमिनीचा मालक मानणारा कृषक दिन उजाडला तो 1 एप्रिल 1957 ला. म्हणजे माझ्या पैशाने घेतलेल्या बियाण्याचा पहिला वाटा मालकाच्या कोठारात गेला. याच खंडाविरुद्ध चरी गावच्या शेतकरी संपात, 1933 पासून 1939 पर्यंत, या भागातल्या कुळांनी जमिनी पडीक ठेवल्या, माझे पणजोबा त्यात होते. त्यांनी उपाशी राहून जो भात मालकाला दिला नाही, तो त्यांच्या पणतीकडून तुम्ही वसूल करून दिलात. आणि वर मला खूश व्हायला सांगता!

हे मी त्याला सांगायला लागले तेव्हा तो म्हणाला, "तो इतिहास झाला, आमचा विभाग पोहोचवण्याचा आहे." ज्यांचा धंदाच एका काळातला माल दुसऱ्या काळात नेण्याचा आहे, त्यांच्या तोंडी हे वाक्य शोभतं का? सालं वाचता येत नसतील तर काळाचा व्यापार करता कशाला?

परताव्याचं बोलणं तर त्याहून हीन. व्यवहार 1956 चा धरून पैसे त्या वेळच्या नाण्यांत मिळतील म्हणे, रुपये, आणे, पै. मी चालू नोटा दिल्या होत्या. चार आण्यांपर्यंतची नाणी 30 जून 2011 नंतर कोणी घेत नाही, हे तुमच्या गल्ल्यावरच्या पोराला तरी माहीत असेल. ते आणे घेऊन मी कुठल्या दुकानात जाऊ?

तक्रारीची मुदत संपली हेही ऐकवलं. ग्राहक कायद्यातली दोन वर्षं तक्रारीचं कारण घडल्यापासून मोजतात. माझं कारण या मृगाला घडलं. 1956 साली तर हा कायदाच नव्हता, पहिला आला 1986 साली आणि आताचा 2019 चा. मी अलिबागला जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाणार आहे. पावती आणि अंगठ्याची नक्कल दोन्ही जोडणार आहे.

माझ्या आजीचा तुमच्या बाजारावर फार विश्वास होता. तिने मला सांगून ठेवलं होतं की यांचा शब्द भरतीसारखा आहे, ठरल्या वेळी येतोच. गावातल्या बायका अजून तुमच्या तारखेवर बियाणं राखून ठेवतात. आता मी त्यांना काय सांगू? बी आलं नाही, शेत पडीक आहे, आणि तुमचा माणूस म्हणतो घर तेच आहे.

माझे पैसे चालू चलनात परत करा. पुढच्या मृगाआधी ताजं बी द्या, लगतच्या आधीच्या कापणीचं, कारण आमच्या दमट हवेत जुनी साळ नीट उगवत नाही. मालकाकडे गेलेल्या भाताची भरपाई कशी करणार तेही कळवा. त्या माणसाने माझ्या आजोबांचं नाव घेऊन जे म्हटलं त्याची माफी त्याच्या सहीने हवी. दिवाळीच्या अमावास्येपर्यंत हे झालं नाही तर ओहोटीला आम्ही गावातल्या बायका खाडीवर असू, आणि आमच्या किनाऱ्यावर तुमच्या मालाची एक पाटी उतरू देणार नाही.

उत्तर लेखी द्या, फोन नको. तारीख घाला आणि साल नीट घाला.

एक ग्राहक,
खारेपाट, ता. अलिबाग, जि. रायगड